सिनेमा-मालिकांच्या एडिटरचे करिअर : असिस्टंटच्या टेबलापासून पिक्चर लॉकपर्यंत

चोवीस_फ्रेम (धागाकर्ता)

एडिटिंगमध्ये करिअर करायचे म्हणजे रोज नेमके काय करायचे, याची माहिती मराठीत एका जागी सापडत नाही. व्हिडिओ पुष्कळ आहेत, पण बहुतेकांत सॉफ्टवेअरची बटणेच शिकवतात. म्हणून हा धागा काढतो आहे. संस्थेत शिकावे की थेट असिस्टंट म्हणून लागावे? असिस्टंटच्या वाट्याला कोणते काम येते? मालिका आणि सिनेमा यांच्या एडिट टेबलावरच्या कामात फरक काय? पैसे कसे ठरतात आणि कुठे अडकतात? जाणकारांनी हातचे न राखता लिहावे, प्रतिसाद कितीही लांब झाला तरी चालेल.

रीळ_३५

असिस्टंटच्या कामापासून लिहितो, कारण या धंद्यात माणसाची पारख तिथेच होते. कट चांगला की वाईट यावर वाद घालता येतो. सिंक (चित्र आणि आवाजाचा मेळ) गेला, फाइल हरवली, तर त्यावर वाद नसतो.

सेटवरून डेटा आला की तो ओढून डिस्कवर टाकायचा नाही. चेकसम (कॉपी मूळ फाइलशी तंतोतंत जुळते का, याची आकडी खूण) तपासणाऱ्या सॉफ्टवेअरने कॉपी करायचा. साध्या कॉपीत एखादी फाइल अर्धवट उतरली तरी संगणक तक्रार करेलच असे नाही, आणि चूक कळते महिन्याभराने, कन्फॉर्मच्या वेळी (अंतिम कटाला मूळ फाइली जोडताना). दोन वेगळ्या डिस्कवर दोन कॉप्या आणि तिसरी दुसऱ्या इमारतीत, एवढे झाल्याशिवाय कॅमेऱ्याचे कार्ड फॉरमॅटला परत पाठवायचे नाही. दोन कॉप्या एकाच डिस्कच्या दोन फोल्डरांत ठेवल्या तर ती एकच कॉपी धरायची.

मग प्रॉक्सी, म्हणजे एडिटिंगसाठी बनवलेल्या हलक्या कॉप्या. हिशेब आधी मांडून ठेवा. प्रोरेस ४२२ (ॲपलचा व्हिडिओ फॉरमॅट) मध्ये १०८० रेझोल्यूशनचे, सेकंदाला २५ फ्रेमचे एक तासाचे फुटेज साधारण ५५ जीबी होते. प्रोरेस प्रॉक्सीत तेच १७ जीबीच्या आसपास बसते. दोन तासांच्या सिनेमासाठी ४० तासांचे रशेस (कच्चे चित्रीकरण) आले तर प्रॉक्सीच ६८० जीबी होतात. म्हणजे १ टीबीची डिस्क पहिल्या महिन्यातच अपुरी वाटू लागते.

आता नावांचा घोळ. सोनीच्या बऱ्याच कॅमेऱ्यांत प्रत्येक कार्डावर क्लिपचे नाव पुन्हा सी०००१ पासून सुरू होऊ शकते. तीस कार्डे झाली की सी०००१ नावाच्या तीस फाइल होतात. टाइमकोडही (प्रत्येक फ्रेमचा तास-मिनिट-सेकंद-फ्रेम क्रमांक) रोज शून्यावरून सुरू केलेला असेल तर डीआयला (रंग आणि अंतिम चित्र तयार होते तिथे) ईडीएल (कटांची यादी) गेल्यावर तिथल्या मशीनने कुठला शॉट उचलायचा? भलताच उचलला जातो, आणि नायकाच्या क्लोजअपच्या जागी रिकामी ओसरी दिसते. उपाय एकच: प्रॉक्सी बनवण्याआधी प्रत्येक कार्डाला रील नंबर द्यायचा, तो मेटाडेटात भरायचा आणि नंतर त्याला हात लावायचा नाही. प्रॉक्सी बनल्यावर मूळ फाइलचे नाव बदलणे ही या कामातली सर्वांत महागडी चूक आहे.

सिंकची गंमत अशी की पहिल्या मिनिटाला सगळे बरोबर दिसते. कॅमेरा सेकंदाला २३.९७६ फ्रेमवर आणि साउंडवाल्यांचा टाइमकोड व प्रोजेक्ट २४ वर असेल तर फरक पडतो हजारात एकाचा. दहा मिनिटांच्या टेकमध्ये ०.६ सेकंद, म्हणजे साधारण १४ फ्रेम. क्लॅपवर तंतोतंत जुळलेला टेक शेवटी ओठ सोडून जातो. म्हणून सिंक सुरुवातीला तपासून भागत नाही, टेकच्या शेवटच्या वाक्यावरही पाहायचा. शूटिंग सुरू होण्याआधी कॅमेरा, साउंड आणि एडिट या तिघांनी मिळून फ्रेम रेट कागदावर लिहून घेतला, तर हे सगळे टळते.

अवनी_कट

वरच्या प्रतिसादाला +१. एक भर घालते. नुसता मिक्स ट्रॅक (सगळे माइक एकत्र केलेला आवाज) सिंक करून बूम (काठीवरचा माइक) आणि लेपलचे (कपड्यावरचा माइक) वेगळे ट्रॅक बाजूला ठेवण्याची सवय फार दिसते. साउंडला एएएफ (टाइमलाइनचा आवाज आणि कट नेणारी फाइल) जातो तेव्हा त्यांना ते वेगळे ट्रॅकच हवे असतात. मूळ साउंड फाइलचे नाव आणि टाइमकोड क्लिपबरोबर शेवटपर्यंत राहिले पाहिजेत. नाहीतर डायलॉग एडिटर आठवडाभर हाताने फाइली शोधत बसतो, आणि पुढच्या कामाला त्या असिस्टंटचे नाव निघत नाही.

टाइमलाइनची शिस्तही पहिल्या दिवसापासून हवी. पहिल्या चार ट्रॅकवर फक्त संवाद, पुढच्या चारवर इफेक्ट आणि ॲम्बियन्स (जागेचा आवाज), त्याखाली संगीत. व्हिडिओत पहिल्या ट्रॅकवर मूळ कट, दुसऱ्यावर व्हीएफएक्स, सगळ्यांत वर टायटल. घाईत संगीत संवादाच्या ट्रॅकवर टाकले की पुढच्या प्रत्येक माणसाचा वेळ जातो.

निशिगंध

शिक्षणाच्या प्रश्नाबद्दल. पुण्याची एफटीआयआय (फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट) १९६० साली प्रभात फिल्म कंपनीच्या आवारात सुरू झाली. तिथे फिल्म विभागात एडिटिंगचा तीन वर्षांचा आणि टेलिव्हिजन विभागात एक वर्षाचा अभ्यासक्रम आहे. दोन्हींसाठी पदवी आणि प्रवेश परीक्षा लागते. कोलकात्याची सत्यजित राय इन्स्टिट्यूट १९९५ पासूनची, तिथेही एडिटिंगचा स्वतंत्र विभाग आहे. चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेल्या एडिटर रेणू सलुजा एफटीआयआयच्याच.

संस्थेत मिळते काय, तर चुका करायला वेळ. एकाच दृश्याचे पाच वेगळे कट करून बघायला बाहेर कोणी वेळ देत नाही. शिवाय कॅमेरा, साउंड आणि दिग्दर्शनाची आपल्याच वयाची मंडळी भेटतात, आणि पुढची दहा वर्षे कामे तिथूनच येतात. खासगी संस्थांबद्दल स्पष्टच लिहितो: फी भरण्याआधी तीन गोष्टी विचारा. एका विद्यार्थ्याला एडिट मशीन आठवड्याला किती तास मिळते? शिकवणाऱ्यांनी गेल्या पाच वर्षांत काय एडिट केले आहे? सरावाला कच्चे रशेस देतात की तयार सिनेमांचे तुकडे कापायला लावतात? तिसऱ्याचे उत्तर ‘तयार तुकडे’ असेल तर तिथे शिकू नये. तयार सिनेमात निवड दुसऱ्याने करून ठेवलेली असते, आणि निवड करणे हेच तर आपले काम.

रात्रपाळी

मालिकेचे टेबल कसे चालते ते सांगतो. अर्ध्या तासाच्या वेळेत जाहिराती वजा जाता साधारण २२ मिनिटांचा एपिसोड लागतो. आठवड्याला सहा एपिसोड, आणि सणावाराला किंवा लग्नाच्या कथानकाला तासाभराचा महाएपिसोड. चित्रीकरण गोरेगाव-ठाण्याकडे असेल तर डेटा त्याच रात्री येतो. सातारा-वाई किंवा कोल्हापूरकडे असेल तर डिस्क रात्रीच्या गाडीने निघते, म्हणजे एडिटच्या हातातली रात्र तिथेच गेली.

सेटवर दोन-तीन कॅमेरे एकदम चालतात. मल्टिकॅमवर (सगळे कॅमेरे एकत्र सिंक करून) पहिला लाइनअप (शॉट क्रमाने) लागतो, मग रफ कट. तो चॅनेलच्या क्रिएटिव्ह टीमकडे आणि ईपीकडे (एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर) जातो, बदल येतात, मग लॉक (कट कायम करणे), बीजीएम (पार्श्वसंगीत), मिक्स (सगळे आवाज एकत्र बसवणे), ग्रेड (रंग जुळवणे), क्यूसी (तांत्रिक तपासणी), टेलिकास्ट. बँक (आधीच तयार असलेले एपिसोड) दहा एपिसोडची असली तर हे सगळे माणसासारखे चालते. बँक दोनवर आली की सकाळी शूट झालेला सीन रात्री हवेत असतो, आणि तेव्हा एकाच एपिसोडवर तीन एडिटर बसतात: एक पहिले दोन सेगमेंट (जाहिरातींमधले भाग), दुसरा उरलेले, तिसरा रीकॅप (मागचे) आणि प्रीकॅप (पुढची झलक). अशा वेळी तिघांचे सिक्वेन्स सेटिंग (टाइमलाइनचा फ्रेम रेट, आकार) एक नसेल तर जोडताना मार खावा लागतो.

मालिकेत सर्वांत जास्त वेळ खाते ते भरणे आणि कापणे. एपिसोड १९ मिनिटांचा निघाला तर तीन मिनिटे आणायची कुठून? नवखा एडिटर प्रत्येक रिॲक्शन लांबवतो आणि सगळा एपिसोड एकसारखा सुस्त करून टाकतो. त्यापेक्षा एकच सीन निवडावा, ज्यात थांबायला कारण आहे, आणि तिथे श्वास द्यावा. उरलेले पुढच्या एपिसोडमधला एक लहान सीन अलीकडे ओढून भरावे. मात्र तसे करताना कॉन्टिन्युइटी शीट समोर पाहिजे. कपडे, मंगळसूत्र, दिवस-रात्र यांत घोळ झाला तर प्रेक्षक त्याच रात्री चॅनेलच्या पानावर लिहितात.

मालिकेने हात वेगवान होतो यात शंका नाही. पण त्याच वेगात ‘दार, चेहरा, चेहरा, चेहरा’ ही सवय हाडात मुरते. दोन-तीन वर्षांनी मुद्दाम दुसऱ्या प्रकारचे काम घ्यावे, डॉक्युमेंटरी मिळाली तर उत्तम.

अनुस्वार

धाग्यात अजून भाषेबद्दल कोणी बोलले नाही, म्हणून थोडे सविस्तर लिहिते. मराठी सीनचा कट इंग्रजी ट्यूटोरियल पाहून जमत नाही, आणि त्याचे कारण व्याकरणात आहे.

मुलीच्या तोंडचे एक वाक्य घ्या: ‘मी त्यांच्याकडे पैसे मागायला जाणार नाही.’ समोर आई बसली आहे, हातात चहाचा कप. ‘जाणार’पर्यंत आईला ठाऊकच नाही की मुलगी जाणार आहे की नाही. अर्थ शेवटच्या शब्दात आहे. इंग्रजीत नकार वाक्याच्या सुरुवातीलाच येतो, म्हणून तिथे वाक्याच्या मध्यावर ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर गेले तरी त्याची प्रतिक्रिया खरी वाटते. मराठीत ‘पैसे’ या शब्दावर आईवर कट केला तर पडद्यावर पुरे एक सेकंद काहीच घडत नाही. आणि एडिटरने ती पोकळी झाकायला दुसऱ्या टेकमधली प्रतिक्रिया आणून लावली, तर आईला बातमी आधीच माहीत होती असे वाटते. सीनचा अर्थच बदलतो.

इथे दोन जागा चांगल्या आहेत. ‘जाणार’ संपताना आईवर जायचे आणि ‘नाही’ तिच्या चेहऱ्यावर ऐकवायचे. किंवा मुलीवरच थांबून, ‘नाही’ संपल्यावर सहा ते आठ फ्रेम देऊन, मग आई. पहिल्यात धक्का आईचा आहे, दुसऱ्यात निश्चय मुलीचा. सीन कोणाचा आहे हे ठरवल्याशिवाय ही जागा ठरत नाही. कप खाली ठेवण्याचा आवाज दुसऱ्या कटात आईच्या शॉटच्या आधी, मुलीच्या चेहऱ्यावरच आला तर आई दिसण्यापूर्वी आपल्याला कळलेले असते.

दोन टेकमधले संवाद जोडतानाही भाषा मदत करते. प, ट, क यांच्या आधी तोंड क्षणभर पूर्ण बंद होते, तिथे जवळजवळ शांतता असते. सांधा तिथे मारा. म, न, स, श हे लांबणारे आवाज, त्यांच्या मध्ये कापले की खड्डा ऐकू येतो. २५ फ्रेमवर एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची असते, तेवढी या कामाला जाड पडते. त्यामुळे आवाजाचा कट चित्रापासून सोडवून फ्रेमपेक्षा लहान मापाने सरकवा. प्रत्येक लोकेशनचा अर्धा मिनिट तरी रूम टोन (कोणी न बोलता नुसता जागेचा आवाज) मागून घ्या, तो नसेल तर कुठलाही सांधा लपत नाही.

आणि देवनागरी टायटल. प्रीमियर या एडिटिंग सॉफ्टवेअरमध्ये ग्राफिक्सच्या प्रेफरन्समध्ये टेक्स्ट इंजिन साउथ एशियनवर न ठेवल्यास जोडाक्षरे सुटतात आणि पहिली वेलांटी अक्षराच्या आधी न येता नंतर जाऊन बसते. जुन्या, युनिकोड नसलेल्या फॉन्टमध्ये टाइप केलेली नावे दुसऱ्या मशीनवर उघडली की निरर्थक चिन्हे होतात. टायटल तपासून झाली की अल्फासकट (पारदर्शक पार्श्वभूमीसह) प्रोरेस ४४४४ किंवा पीएनजी करून द्यायची, जिवंत (बदलता येणारा) मजकूर पुढे पाठवायचा नाही. श्रेयनामावलीतले आडनाव चुकणे ही फार मनाला लागणारी गोष्ट आहे. छापील यादी हातात घेऊन दोघांनी मोठ्याने वाचून जुळवावी.

चोवीस_फ्रेम

@अनुस्वार, नकार वाक्याच्या शेवटी येण्याचा मुद्दा कधीच असा डोक्यात आला नव्हता. मनापासून आभार. सॉफ्टवेअर कोणते शिकावे, हेही कोणी सांगेल का?

रीळ_३५

ॲव्हिड. मोठ्या प्रोजेक्टवर दोन असिस्टंट आणि एक एडिटर एकाच वेळी काम करतात, तेव्हा त्याची बिन (क्लिपांचे फोल्डर) लॉक होण्याची पद्धत (एकाने उघडले की दुसऱ्याला बदलता येत नाही) अजूनही सर्वांत खात्रीची आहे.

रात्रपाळी

इथे मी सहमत नाही. मराठीत आज बरेचसे काम प्रीमियरवर चालते, नवख्याला पहिली संधी तिथेच मिळेल. रिझॉल्व्हची एक आवृत्ती मोफत आहे, घरी सरावाला ते पुरे. आणि २०११ मध्ये फायनल कट ७ (ॲपलचे एडिटिंग सॉफ्टवेअर) विकणे एका दिवसात बंद झाले, बराच धंदा त्यावर उभा असताना. सॉफ्टवेअर बदलत राहणारच. जे-के-एल या कळांवर (मागे, थांबा, पुढे) हात बसवा, ट्रिम करायला शिका, ते सगळीकडे चालते.

रीळ_३५

पहिल्या नोकरीसाठी तुमचे म्हणणे मान्य. पण सिनेमाच्या असिस्टंटला दोन्ही आले पाहिजेत, यावर मी ठाम आहे.

क्यूसी_पास

लॉकनंतरचे लिहितो, कारण रिजेक्शन इथे येतात.

साउंडला रीलवार (सिनेमाचे भाग पाडून) द्यायचे असेल तर प्रत्येक रीलला आठ सेकंदांचा लीडर (चित्राआधीची मोजणीची पट्टी). पहिले रील ०१:००:००:०० ला सुरू, चित्राची पहिली फ्रेम ०१:००:०८:०० ला, आणि त्याच्या बरोबर दोन सेकंद आधी, ०१:००:०६:०० ला, एका फ्रेमचा पॉप (छोटा बीप). शेवटीही पॉप द्या. दोन्ही पॉप जुळले म्हणजे मधले जुळले. एएएफला पाच ते दहा सेकंदांची हँडल (कटाच्या दोन्ही बाजूंचा जादा भाग), सोबत टाइमकोड छापलेला रेफरन्स व्हिडिओ. डीआयला देण्याआधी मल्टिकॅम क्लिपा सपाट करा (फक्त निवडलेला कॅमेरा ठेवा), नेस्ट (एका सिक्वेन्सच्या आत ठेवलेले सिक्वेन्स) उघडा. स्पीड रॅम्प (शॉटमध्येच बदलणारा वेग) आणि स्टॅबिलायझेशन ईडीएलमधून नीट जात नाहीत, त्यांची वेगळी यादी टाइमकोडसह लिहून द्या.

टीव्हीला १०८०आय (इंटरलेस्ड, म्हणजे एक फ्रेम दोन फील्डांत) मागितले असेल तर अप्पर फील्ड (वरच्या ओळीपासूनचे) आधी. उलटे झाले तर स्थिर शॉटमध्ये काही दिसत नाही, पॅनमध्ये चित्र थरथरते. म्हणून पॅन असलेला शॉट शोधून तपासा, आणि इंटरलेस्ड मॉनिटरवर तपासा, लॅपटॉपवर नाही. लाउडनेस (आवाजाची सरासरी पातळी) चॅनेलच्या डिलिव्हरी शीटमध्ये असेल तोच, युरोपीय मानक धरले तर उणे २३ एलयूएफएस.

सिनेमासाठी २४ फ्रेम. टीव्हीसाठी तोच २५ वर पळवला की १२० मिनिटांचा सिनेमा ११५ मिनिटे १२ सेकंदांचा होतो आणि दुरुस्त न केल्यास आवाजाची पट्टी अर्ध्या सुराहून थोडी कमी चढते. गाणी असतील तर संगीतकाराच्या लगेच लक्षात येते. १९२० रुंदीत कापलेला सिनेमा १९९८ बाय १०८० च्या फ्लॅट डीसीपीत (थिएटरला जाणारी फाइल) टाकला तर दोन्ही बाजूंना ३९ पिक्सेलच्या काळ्या पट्ट्या राहतात. पट्ट्या ठेवायच्या की मोठे करून वरखाली कापायचे, हे दिग्दर्शक आणि कॅमेरामनना आधी विचारा, डोक्याचे केस कापले जातात.

सिनेमात कोणी बिडी-सिगारेट ओढत असेल, तंबाखू मळत असेल तर सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर प्रत्येकी ३० सेकंदांचा आरोग्य संदेश आणि २० सेकंदांचा दृकश्राव्य इशारा, शिवाय त्या दृश्यांवर लेखी सूचना. मिळून १०० सेकंद. सेन्सॉरला जाण्याआधी हे टाइमलाइनवर हवे. प्राणी दिसत असतील तर ॲनिमल वेल्फेअर बोर्डाचे पत्र निर्मात्याने घेतले का, हे एडिटरनेच आठवण करून विचारावे. पत्र नसेल तर लॉक झालेला सीन काढायची वेळ येते.

हिशेब_वही

पैशांचे. असिस्टंटला महिन्यावर किंवा शिफ्टवर, मालिकेच्या एडिटरला एपिसोडवर किंवा महिन्यावर, सिनेमाला ठोक रक्कम. ठोक रकमेत लोक फसतात कारण शेवट लिहिलेला नसतो. चार हप्ते करा: सही, पहिला कट, लॉक, सेन्सॉर कॉपी. शेवटचा हप्ता प्रदर्शनाला कधीही बांधू नका, कारण प्रदर्शन आपल्या हातात नसते. लॉकपर्यंत किती आठवडे, लॉकनंतर कट उघडला तर आठवड्याला किती जादा, ट्रेलर आणि प्रोमो यात धरले आहेत का, श्रेयनामावलीत स्वतंत्र कार्ड आहे का, हे चार मुद्दे ईमेलवर तरी लिहून घ्या. तोंडी ‘बघू रे दादा’ला कागदाची किंमत नाही.

टीव्हीत पैसे तीन महिन्यांनी यायची प्रथा आहे, त्यामुळे पहिली नव्वद दिवसांची भाडी आणि जेवण बाजूला ठेवूनच मुंबईत या. टीडीएस कापला जातो, तो आपल्या पॅनवर भरला गेला का ते दर तिमाहीला तपासा. वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते. मुंबईत एडिटरांची संघटना आहे, असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्स, ती सिने कामगारांच्या फेडरेशनशी संलग्न आहे. पैसे थकल्यावर सदस्य होण्यापेक्षा आधी व्हा.

चोवीस_फ्रेम

सर्वांचे खूप आभार. शेवटचा प्रश्न. कच्चे रशेस हाताशी नसताना सराव कशावर करायचा? आणि काम मागायला जाताना काय दाखवायचे?

अवनी_कट

दोन पानांचा दोन माणसांचा सीन लिहा किंवा एखाद्या एकांकिकेच्या ग्रुपकडून मागून घ्या. पाच सेटअप शूट करा: एक मास्टर (सगळा सीन एकाच रुंद शॉटमध्ये), दोन खांद्यावरून, दोन क्लोजअप. प्रत्येकी तीन टेक. आवाजासाठी दुसरा फोन टेबलाखाली, आणि प्रत्येक टेकला टाळी. फोनचा फ्रेम रेट हलता असतो, तसाच टाइमलाइनवर टाकला तर सिंक सरकतो, म्हणून आधी हँडब्रेक या सॉफ्टवेअरमधून २५ चा स्थिर रेट करून घ्या.

मग तीन कट करा: अडीच मिनिटांचा, दोनचा आणि दीडचा. दीड मिनिटाच्या कटात कोणते वाक्य काढले आणि तरी सीन उभा राहिला, ते लिहून ठेवा. दुसऱ्या दिवशी एकदा आवाज बंद करून बघा, एकदा डोळे मिटून ऐका. आवाज बंद असताना कोण कोणावर चिडले आहे हे कळले पाहिजे.

दाखवताना गाण्यावर कापलेली दीड मिनिटाची शोरील ठेवा हवी तर, पण एडिटर ती फार वेळ बघत नाहीत. तिच्या खाली या सीनचा दोन मिनिटांचा कट आणि त्याचे न कापलेले सगळे टेक, अशा दोन लिंक द्या. समोरचा माणूस आधी टेक उघडेल आणि तुम्ही कोणता टेक सोडला ते बघेल.